मस्यू व्हेर्दियेंचा अर्धा पाव

चौथ्या मजल्यावरचे मस्यू व्हेर्दिये वारले, ही बातमी मंगळवारी सकाळी पॅरिसला लागून असलेल्या आमच्या माँत्रैच्या गल्लीत बेकरीवाल्या मादाम गेनोलेंनी फोडली. पुरावा भक्कम होता. तीन दिवस ते आपला अर्धा पाव न्यायला आले नव्हते. आमच्याकडे एकट्या माणसाला लांबडा पाव मधोमध कापून देतात. मस्यूंचा उरलेला अर्धा गेली अकरा वर्षं मी नेते. तीन दिवस मला आख्खा घ्यावा लागला होता, म्हणून मीही मान डोलावली.

बुधवारी मयत स्वतःच जिना चढून आलं. कालव्याकाठी शूटिंग होतं. काम, बुडालेल्या माणसाच्या प्रेताचं.

"तरीच चेहऱ्यावर तेज आलंय," मी म्हणाले. "कसं झालं काम?"

"जेवायला मसूर आणि सॉसेज होतं. मी लाइटवाल्यांच्या मधे बसलो होतो."

एकतीस वर्षांत मस्यूंनी साठेक सिनेमे केले. सगळे छोटे, थिएटर मिळालंच तर आठवडाभर टिकणारे. त्यांत ते नोटरी झाले, पाद्री झाले, नाक लांब म्हणून दोनदा न्यायाधीश झाले. एकदा मी त्यांच्याबरोबर गेले होते. प्रेक्षक नऊ. शेवटची नावं संपेपर्यंत उठायचं नाही, हा त्यांचा नियम. ड्रायव्हरांच्या जरा वर आलं : 'दुसरा शेजारी – आन्सेल्म व्हेर्दिये'.

"आणि पहिला कोण हो?"

"त्याला संवाद होते," ते म्हणाले.

तर शुक्रवारी त्यांना फोन आला. आमच्या दोन घरांमधली भिंत पातळ, मस्यूंचे कान जड, त्यामुळे फोनचा आवाज कायम मोठा. यात माझा काय दोष? माएल नावाची नवी दिग्दर्शिका होती. आजोबांची भूमिका, मुख्य. पंधरा दिवस. पानंच्या पानं बोलायचं. मी इकडे हातातली इस्त्री उभी करून ठेवली.

मस्यूंनी एकच विचारलं, "दुपारचं जेवण?"

"जेवणाची सुट्टीच नाही ठेवली, मस्यू," ती अभिमानाने म्हणाली. "हातात सँडविच घ्यायचं, काम चालू. चार वाजता जो तो आपल्या घरी."



"मग मला नाही जमायचं."

"अशी भूमिका परत नाही येत हो."

"ठाऊक आहे, पोरी."

दुसऱ्या दिवशी मी त्यांना बेकरीच्या दारातच गाठलं.

"अहो, एकतीस वर्षं वाट पाहिलीत, आणि सँडविचवर अडलात? आता काय करणार?"

"सोमवारपासून सहा दिवस काम आहे."

"कसलं?"

"प्रेताचं."

"म्हणजे बोलणाऱ्या आजोबांपेक्षा मेलेला माणूस बरा?"

त्यांनी अर्धा पाव काखेत धरला आणि जिन्याकडे वळले.

"मेलेल्याला एक वाजता जेवायला उठवतात, मादाम. वीस जणांच्या टेबलावर."