गाव पुसायचं नाही

"थांबा, घाई नोका करू. ज्याची मशीन, त्यानंच बटन दाबावं!"

असं म्हणून दोन्ही हात मांडीखाली घेऊन बसणारा मेकॅनिक तुम्ही पाहिलाय? आमच्या कामरगावात स्टँडजवळ होता. सगळे त्यांना काकाजी म्हणायचे. रेडिओपासून मोबाईलपर्यंत काहीही दुरुस्त करायचे, पण शेवटचं बटन गिऱ्हाईकाकडूनच दाबून घ्यायचे.

माझी मुलगी स्कुटीवरून पडली आणि पाय मोडला. प्लास्टरच्या त्या महिन्यांत तिने हातातल्या व्हिडिओ गेममध्ये अख्खं गाव वसवलं. घरं, विहीर, संत्र्याची बाग. प्लास्टर निघालं तरी भीतीने ती खाटेवरून उतरेना. त्यातच एक दिवस अपडेट अर्ध्यात अडकलं आणि गेम सुरूच होईना. एका दुकानात सांगितलं, सगळं पुसावं लागेल. पोरीने जेवण सोडलं.

मी गेम घेऊन काकाजींकडे गेले.

"फर्मवेअर, म्हंजे मशीनीतलं मूळ सॉफ्टवेअर, हातानं टाका लागते. गाव नाही पुसत म्या. पन पोरीले आना."

"पोरगी चालून नाही राह्यली, काकाजी."

"मंग राहू द्या."

असा राग आला म्हणून सांगू! म्हातारा उगाच अडून बसलाय, असंच वाटलं मला.

शेवटी माझा खांदा धरून, रडत, मला बोल लावत, पोरगी दुकानापर्यंत चालत आली. काकाजींनी मेमरी कार्डात फाईल भरून ठेवली होती, बॅटरीही पूर्ण चार्ज केली होती. कार्ड खाचेत घालताना मात्र त्यांचा हात इतका थरथरला, की तीनदा चुकलं. ते बटन का दाबत नाहीत ते तेव्हा कळलं, आणि माझी मलाच लाज वाटली.

"हे दोनी बटनं संगच दाब. पडद्यावर पट्टी दिसेपर्यंत सोडू नोको."

पोरीने श्वास रोखून दोन्ही बटनं दाबून धरली. पट्टी दिसली, हळूहळू भरली. गाव जसंच्या तसं होतं. बागेला संत्रीसुद्धा.

काकाजी चष्मा सरसावून पाहत राहिले. "काय वं, तुह्या गावात रिपेअरिंगचं दुकान नाही? बिघडलं त कोन पाहीन?"

पोरगी कित्येक दिवसांनी हसली.

काकाजी मागच्या उन्हाळ्यात वारले. त्यांच्या गाळ्यात आता चपला विकतात. पोरगी एकटी बसने कॉलेजला जाते. परवा तिचा गेम सहज हातात घेतला, तर विहिरीजवळ एक लहानसं दुकान दिसलं. आत चष्मेवाला म्हातारा.

"हे कधी बांधलं वं?"

"काकाजी गेले त्या दिवशी," ती म्हणाली, आणि गेम माझ्या हातातून काढून घेतला.