आझुमा कोण?

क्योतोच्या उझुमासा भागातल्या स्टुडिओत आझुमा फुमीने चाळीस वर्षं मरण्यात घालवली. तलवारबाजीच्या सिनेमांत कुणीतरी मरावंच लागतं. कधी दासी, कधी भिकारीण, कधी नुसतीच पाठमोरी बाई. केसांचे जड टोप घालून घालून कपाळावरचे केस गेले, पण पडद्यावर तिचा चेहरा सगळा मिळून चार मिनिटंही दिसला नसेल.

वर नावही गेलं. तिच्या आडनावाचं जपानी अक्षर एकच, ते आझुमा असंही वाचतात आणि हिगाशी असंही. बावीस वर्षांची असताना, पहिल्याच दिवशी दिग्दर्शक यादी बघून ओरडले, "ए हिगाशी, नीट मर!" एवढ्या मोठ्या माणसाची चूक काढली की काम सुटलंच. ती मुकाट्याने मेली आणि कायमची हिगाशी झाली.

आई दर नववर्षाला विचारायची, "सांगितलंस का गं त्यांना?"

"सांगेन गं."

आई गेली, तरी सांगायचं राहिलंच.

स्टुडिओत काम संपणाऱ्या नटाचं नाव पुकारून फुलं देतात, सगळे टाळ्या वाजवतात. किरकोळ नटांच्या नशिबी ते नसतं. फुमीला आज निवृत्तीची म्हणून मिळणार होती. फुलांचं तिला काही नव्हतं. नाव तेवढं एकदा खरं ऐकायचं होतं. सकाळीच तिने सहायक दिग्दर्शक कुगाच्या हातात चिठ्ठी दिली, आडनावाशेजारी बारीक अक्षरांत उच्चार लिहिलेली.

"अहो बाई, चाळीस वर्षं बोलला का नाहीत?"

"तुम्ही सगळे कायम घाईत."

दुपारी ती विहिरीपाशी शेवटची मेली. कुगाने चिठ्ठी उघडली आणि खणखणीत आवाजात वाचलं, "आझुमा फुमी यांचं काम आज संपलं!"

एकही टाळी नाही. दिवेवाले एकमेकांकडे बघायला लागले.

"आझुमा कोण?" तोकिवाने विचारलं. तीस वर्षं फुमीच्या डोक्यावर टोप बसवणारी तोकिवा! "नवीन आलीय का कुणी?"

कुगा गुच्छ धरून घामाघूम. "अहो, आपल्या हिगाशीबाई!"

"मग तसं सांग ना, मेल्या!"

टाळ्यांचा कडकडाट झाला. तोकिवा तर रडायलाच लागली. फुमी कपड्यांवरची माती झटकत उठली. गुच्छ त्याच विहिरीत भिरकावावा असं तिला वाटलं. तिने तो दोन्ही हातांनी घेतला आणि कंबरेत वाकून म्हणाली, "हिगाशीला इतकी वर्षं सांभाळून घेतलंत, फार आभार."

टाळ्या आणखी वाढल्या.