वच्छलावहिनींचं पोतं

वच्छलावहिनी माझ्याशी बोलण्याआधी थुंकायच्या. पान नाही, तंबाखू नाही; निव्वळ मला पाहून. प्रताप नगरात प्रत्येकासाठी त्यांच्याकडे एकेक शिवी राखून ठेवलेली असे, पण थुंकण्याचा मान माझा एकट्याचा. आणि तो मी मेहनतीनं कमावला होता.

मी लग्नाचा व्हिडिओवाला. व्हिडिओ तेव्हा नवा होता, आणि मीही. वहिनींचे यजमान पांडुरंगभाऊ यांचं महादेवबरोबर भागीदारीत सायकलचं दुकान. एक दिवस महादेव नाहीसा झाला आणि कन्हान नदीच्या घाटावर त्याच्या चपला सापडल्या. पोलीस म्हणाले, बुडाला असेल. आमच्या चहाच्या ठेल्याला ते पटेना. वर्तमानपत्रातल्या खुनांचा निकाल आम्ही तिथं रोज लावायचो. हा तर घरचा खून! मी कॅमेरा उचलला आणि खऱ्या गुन्ह्यावर फिल्म काढायला निघालो.

पहिल्याच दिवशी वहिनींनी पंक्चर पाहायच्या टपातलं पाणी माझ्यावर ओतलं. "काहून गा, तुमच्या घरी कोणी मरत नाही काय? आमच्या दारात काय शोधून राहिला?"

पांडुरंगभाऊ मात्र गरीब गाय. लग्नात एखादा क्षण हुकला की आम्ही सरळ सांगतो, "नवरदेव, हार पुन्हा घाला." मंगळसूत्रसुद्धा मी दोनदा बांधायला लावलेलं आहे. त्याच सवयीनं भाऊंना म्हटलं, "खुनी नदीवर कसा गेला असेल, जरा चालून दाखवता का? मला दुसरं कोणी मिळत नाही." वहिनी नको नको म्हणत असताना त्यांनी गुरांचं कुटार, म्हणजे भुसा, भरलेलं पोतं खांद्यावर घेतलं, घाटावर वाकून चालले, आणि वर विचारलं, "चेहरा बराबर आला ना गा?"

फारच बराबर आला. गणपतीत मंडळाच्या टीव्हीवर फिल्म लागली. हे सोंग आहे, एवढी एक पाटी टाकायची मी विसरलो. लोकांनी पाहिलं ते इतकंच: पांडुरंग पोतं घेऊन नदीकडे चाललाय. दुसऱ्या दिवसापासून दुकानात पंक्चरसुद्धा येईना.

वहिनी ठेल्यावर आल्या. थुंकल्या. "सांग आता सगळ्यायले. माह्या माणसाचं नाव धुऊन दे."

मी मंडपात उभा राहून सांगितलं की ते नाटक होतं. मागून कोणीतरी ओरडलं, "काय चारलं गा तुले पांडुरंगानं?"

दिवाळीत महादेव स्वतःच हजर झाला. बायकोशी भांडून रायपूरला जाऊन बसला होता. वहिनींनी त्याला दंडाला धरून ठेल्यावर आणलं. "पाहा! हात लावून पाहा मुर्द्याले!"

वहिनींना हसताना मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. तेवढ्यात चहावाल्यानं गाळणं खाली ठेवलं. "बरं, हा जिता हाय. मंग त्या पोत्यात कोण होतं?"

दुकान मोडलं. वहिनी नवऱ्याला घेऊन खाप्याला, माहेरच्या गावी निघाल्या. सामान चढवायला मी न बोलावता गेलो. त्या थुंकल्या नाहीत, बोट दाखवलं. तेच पोतं, आता भांड्यांनी भरलेलं.

"घे खांद्यावर. अन् मागच्या गल्लीतून नाही. ठेल्यासमोरून."

मेटाडोर कोपऱ्यावर उभी होती. मी वाकून चाललो. आत भांडी वाजत होती. ठेल्यावरचे सगळे हातातला चहा विसरून माझ्याकडे पाहत होते. मी मान खाली घातली.

मागून वहिनींचा आवाज आला, "वर पाह्य गा! चेहरा बराबर आला पाहिजे."