दोनशे चाळीस मोती

उषा मूळची साक्रीच्या पलीकडची, डोंगरातल्या एका पाड्यावरची. वडील रानातून मोहफुलं, डिंक, चारोळी गोळा करून आठवडे बाजाराला आणायचे. पोरीने बारावी केली आणि एसटीत वाहक म्हणून लागली, तेव्हा ते मुद्दाम तिच्या गाडीत चढले, तिच्याच हातून तिकीट काढलं आणि उतरताना सगळ्या गाडीला ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने अहिराणीत म्हणाले, “मनी पोर शे ती!” ‘माझी पोर आहे ती’ हे असं जाहीर झाल्यावर उषा लाजेने लाल झाली होती. ड्रायव्हरने मात्र हॉर्न वाजवून त्यांना निरोप दिला होता.

त्यानंतर बावीस वर्षं तिने धुळ्याच्या आसपासचे सगळे रस्ते पालथे घातले. बाजाराच्या दिवशी कोंबड्या, गाठोडी, टोपल्या यांच्यामधून वाट काढत ती मागपर्यंत जायची. डाव्या हातात नोटांची घडी, उजव्या अंगठ्याने फटाफट नोट सुटी करायची. कुणाला कमी नाही, कुणाला जास्त नाही. नवे वाहक आले की जुने सांगायचे, “हात बघायचा तर अक्काचा बघा.”

तीन वर्षांपूर्वी साक्रीच्या स्टँडवर गाडी सुटताना तिने डबल बेल द्यायला हात वर केला आणि हात वर गेलाच नाही. अर्धांगवायूचा झटका होता. वेळेवर दवाखान्यात नेलं म्हणून चालणं, बोलणं परत आलं. उजवा हात मात्र खांद्यापासून जड राहिला आणि अंगठा तर दुसऱ्याच कुणाचा असल्यासारखा लटकून राहिला. एसटीने तिला धुळ्याच्या स्टँडवर चौकशीच्या खिडकीत बसवलं. काम वाईट नव्हतं, पण कुणी सुट्टे मोजताना दिसलं की ती तोंड फिरवायची.

दवाखान्यात व्यायाम शिकवायला चारुलता नावाची तरुण मुलगी होती. तिने मळलेल्या मातीचा गोळा दाबायला दिला, वाटीतले राजमे एकेक करून उचलायला सांगितले. उषा आठ दिवसांत कंटाळली. “मी काय बालवाडीत आहे का?” असं म्हणून तिने एकदा वाटीच लोटून दिली. चारुलता रागावली नाही. राजमे गोळा करता करता म्हणाली, “अक्का, बोट हलायला पाहिजे. कशाने हलतंय याच्याशी मला देणंघेणं नाही. तुमचा फोन द्या इकडे.”

आणि तिने फोनवर एक गेम टाकून दिला. त्याचं नाव इंग्रजीत लांबलचक होतं, खेळणारे सगळे त्याला नुसतं बेटाचा गेम म्हणायचे. आपलं एक बेट असतं. अंगठ्याने माती उकरायची, बी टाकायचं, बोट सरकवत पाणी द्यायचं, पीक आलं की ओढून टोपलीत टाकायचं. कामाचे शिंपले मिळतात. शिंपल्यांतून घर, कुंपण, बदकं काय हवं ते घ्यायचं. पहिल्या दिवशी उषाला एक वाफा उकरायला पाऊण तास लागला. महिन्याभराने दहा मिनिटं. नवरा नवल पिठाच्या गिरणीवरून जेवायला यायचा तेव्हा ती फोनमध्ये घुसलेली असायची. तो म्हणायचा, “खऱ्या शेतात इतकं राबली असतीस तर?” पण भाजी तोच गरम करून घ्यायचा, कारण तिचा अंगठा हलताना त्यालाही दिसत होता.

गेममध्ये गट करता यायचा. उषाने केला आणि नाव ठेवलं ‘बठ्ठ्या बहिणी’, म्हणजे सगळ्या बहिणी. धुळे-जळगावकडच्या बावीस बायका त्यात जमल्या. कुणी शिवणकाम करणारी, कुणी अंगणवाडीतली, कुणी चोपड्याची, कुणी जामनेरची. बहुतेकींनी एकमेकींची तोंडं पाहिलेली नव्हती. गटाचं एक कोठार असायचं. प्रत्येकीने आपले शिल्लक शिंपले त्यात ठेवायचे. किल्ली गटप्रमुखाकडे, म्हणजे उषाकडे.

कोठारात सगळ्यात जास्त शिंपले होते पाचोऱ्याच्या दिपमालाचे. तिच्या नवऱ्याचं डायलिसिस चालू होतं. आठवड्यातून तीनदा त्याला घेऊन ती जळगावला जायची आणि चार-चार तास बाकावर बसून राहायची. त्या बाकावर तिने बेट फुलवलं होतं. एकदा फोनवर ती उषाला म्हणाली होती, “अक्का, तिथे बसलं की डोक्यात नको ते येतं. म्हणून मी भेंडी लावत बसते.” दोन वर्षांत तिने चोवीस हजार शिंपले साठवले होते.

यंदा पोळ्याच्या सुमारास गेमवाल्यांनी सूचना काढली. जुनी बेटं बंद होणार, नवी सुरू होणार. नव्या ठिकाणी शिंपले चालणार नाहीत, फक्त मोती चालतील. शंभर शिंपल्यांना एक मोती. येत्या रविवारी दुपारी बारापर्यंत ज्याच्या खात्यात जेवढे मोती असतील तेवढेच पुढे जातील, बाकी सगळं बुडालं. आणि कोठारातले शिंपले गटप्रमुखानेच मोत्यांत बदलून एकेकीच्या नंबरवर पाठवायचे. एकदा पाठवलेले परत येणार नाहीत.

सोमवारी उषाची सुट्टी होती. सकाळी चहा झाल्यावर ती वही घेऊन बसली. वहीत बावीस नंबर, प्रत्येक नऊ आकडी. नवल म्हणाला, “मी वाचतो, तू टाक. किंवा तू वाच, मी टाकतो.”

“काही नको. बावीस वर्षं मला कुणी वाचून दाखवत होतं का?”

“अगं, निदान एकदा नजर तरी टाकू दे.”

“तू गिरणीवर जा.”

तो गेला. उषाने शिंपले बदलले आणि एकेक नंबर टाकायला सुरुवात केली. उजव्या अंगठ्यानेच. डावा हात तिने मांडीखाली दाबून ठेवला होता. नंबर टाकायचा, मोती किती ते टाकायचं, मग पडद्यावरचा मोती अंगठ्याखाली दाबून धरत समोरच्या शिंपलीत नेऊन सोडायचा. मध्ये अंगठा उचलला गेला की पुन्हा पहिल्यापासून. तीन तासांत बावीसही जणींचं झालं. अंगठा ठणकत होता, पण तिला इतकं बरं वाटलं की तिने स्वतःसाठी शिरा करून घेतला.

शिरा खात असतानाच दिपमालाचा फोन आला.

“अक्का, बठ्ठ्यांना मोती उनात. मना काब्र उनात नही?”

सगळ्यांचे मोती आले होते, तिचेच आले नव्हते. उषाने वही ओढली. दिपमालाच्या नंबरात शेवटी पाच होता. गेममध्ये जिथे मोती गेले होते त्या नंबरात शेवटी आठ होता. फोनवरच्या आकड्यांत पाचाच्या खालीच आठ असतो. अंगठा घसरला होता आणि तिला कळलंही नव्हतं.

तिने दिपमालाला खोटं सांगितलं नाही. “माझ्या हातून चुकलं गं. दुसऱ्याच कुणाकडे गेले,” ती म्हणाली. पलीकडे दवाखान्यात कुणाचं तरी नाव पुकारल्याचा आवाज येत होता. मग दिपमाला म्हणाली, “जाऊ द्या अक्का. खेळच तर आहे.” हे तिने इतकं हळू म्हटलं की त्यापेक्षा शिव्या दिल्या असत्या तर उषाला सोसलं असतं.

उषाने गेमवाल्यांना तक्रार लिहिली. पाच मिनिटांत छापील उत्तर आलं की पाठवलेले मोती परत घेता येत नाहीत. तेवढ्यात कुणा अनोळखी माणसाचा निरोप आला, ‘पासवर्ड द्या, तासात मोती काढून देतो.’ याला कसं कळलं, हा पहिला प्रश्न तिच्या मनात आला. बहुधा तक्रारींच्या पानावर टपून बसलेला असणार. तिने त्याला उत्तरच दिलं नाही.

नवल जेवायला आला तेव्हा ती भिंतीकडे तोंड करून बसलेली. सगळं ऐकून तो ‘मी सांगत होतो’ असं म्हणाला नाही. एवढंच विचारलं, “ज्याच्याकडे गेले त्याच्याकडे जाता येतं का?”

जाता येत होतं. कुणाच्याही बेटावर जाऊन फळीवर चिठ्ठी लिहिता यायची. दोघं शेजारी शेजारी बसून त्या आठवाल्या बेटावर गेले. नाव बंगाली अक्षरांत होतं, वाचता येईना. बेट मात्र दोघांनी नीट निरखून पाहिलं. भाताच्या सरळ ओळी. तळ्यात बदकं. कुंपणाची एकही काठी मोडलेली नाही. आवारात गवत वाढलेलं नाही. कुणाच्या घरी सोयरीक बघायला जावं तसं नवल मान हलवत म्हणाला, “माणूस नीटनेटकं दिसतंय.”

“नीटनेटकी माणसं काय ठेवून घेत नाहीत?”

“घेतात. पण लिही तरी.”

फोनवर मराठीचं बंगाली करून मिळत होतं. उषाने लिहिलं की माझ्या आजारी हाताने चूक झाली, ते मोती माझ्या मैत्रिणीचे आहेत, तिने नवऱ्याच्या उशाशी बसून ते कमावले आहेत. मग शेवटचं वाक्य खोडलं. कुणाची दया कशाला मागायची? पुन्हा विचार करून परत लिहिलं, कारण ते खरं होतं. खाली दिपमालाचा नंबर टाकला. या वेळी नवलने आकडा आकडा मोठ्याने वाचला आणि तिने तो वाचू दिला.

मंगळवारी ती खिडकीत बसली होती. शहाद्याच्या गाडीची घोषणा करून माईक बंद केला तोच फोन वाजला. दिपमाला अक्षरशः ओरडत होती, “अक्का, पन्नास उनात!”

चिठ्ठीच्या फळीवर उत्तर होतं. ते मराठीत असं उमटलं, ‘मला वाटले खेळाने बक्षीस दिले. साधा खेळाडू एका दिवसात पन्नासच देऊ शकतो. रोज देईन.’

उषाने बोटं मोजली. दोनशे चाळीस म्हणजे पाच दिवस. मंगळवार ते रविवार सहा. एक दिवस वरचा होता.

बुधवारी अकराच्या सुमारास पन्नास आले. गुरुवारी त्याच वेळी पन्नास आले. आता गटातल्या सगळ्या बायका अकरा वाजले की एकमेकींना विचारू लागल्या, ‘उनात का?’ नवलही गिरणीवरून फोन करून तेच विचारायचा. दळण घेऊन आलेल्यांनाही त्याने ही हकिकत सांगितली होती, त्यामुळे बायका पिठाचा डबा उचलताना बंगाल्याची चौकशी करायला लागल्या.

शुक्रवारी काही आलं नाही.

अकरा वाजले, एक वाजला, चार वाजले. चौकशीच्या खिडकीत उषाने एका म्हाताऱ्याला पाचोऱ्याच्या गाडीचा फलाट चुकीचा सांगितला आणि मग खुर्चीवरून उठून धावत जाऊन त्याला योग्य गाडीत बसवून आली. संध्याकाळी दिपमालानेच फोन केला. “अक्का, दीडशे आलेत ना. तेवढ्यात माझं घर तरी होईल. तुम्ही जेवा.” आज तीच उषाला समजावत होती. उषा म्हणाली, “उद्या बघू.” पण तिला वाटत होतं, की माणसाचं मन फिरलं असेल. फिरलं तर त्याला दोष तरी कसा द्यायचा? त्याने चोरले थोडेच होते, तिनेच दिले होते.

शनिवारी सकाळी साडेआठला, ती डबा भरत असताना, पन्नास आले. सोबत चिठ्ठी, ‘काल आमच्याकडे वादळ. वीज नाही, फोन मेलेला. क्षमा करा. आज शेजारच्या दुकानात फोन भरला. उद्या चाळीस.’

उषा ओट्याला टेकली. नवलने विचारलं तसा तिने फोनच त्याच्या हातात दिला. त्याने चिठ्ठी दोनदा वाचली आणि म्हणाला, “बिचारा! वादळात त्याला आपली काळजी.”

रविवारी उषा मुद्दाम लवकर उठून सगळं आवरून बसली, पण वाट बघावी लागलीच नाही. सात वाजून दहा मिनिटांनी चाळीस मोती दिपमालाच्या खात्यात पडले. बारा वाजता जुनी बेटं बंद झाली. पाऊण वाजता नवी उघडली, आणि दिपमालाने पडद्याचा फोटो पाठवला. वरच्या कोपऱ्यात आकडा होता, दोनशे चाळीस. खाली कोरी जमीन, एक विहीर, आणि तिने लावलेली भेंडीची पहिली ओळ.

लगेच तिचा फोनही आला. “अक्का, तुम्ही जेवलात का आज तरी?”

“आता जेवते.”

“मला बोलता येत नव्हतं त्या दिवशी. खेळच तर आहे म्हणाले, पण रात्रभर...” वाक्य अर्धवट सोडून ती हसली. “यांनाही सांगितलं. ते म्हणतात, तो बंगाली पाचोऱ्याला आला तर मी त्याला स्वतः स्टेशनवर घ्यायला जाईन.”

उषाने नव्या बेटावर त्या माणसाला शोधलं. तिथेही भाताची ओळ सरळच होती. तिने विचारलं की तुम्हाला काय पाठवू, काही तरी घ्याच. बऱ्याच वेळाने उत्तर आलं, ‘काही नको. पण तुमच्याकडे वांग्याचे बी आहे का? आमच्या बेटाला मिळत नाही.’

नवल खांद्यावरून वाचत होता. तो इतका हसला की त्याला ठसका लागला. “खान्देशात येऊन वांगं मागतोय! दे, दे, टोपलीभर दे!”

उषाने बियांची पुडी उघडली. नंबर टाकला. मग फोन नवलपुढे धरला आणि त्याने नऊही आकडे तपासून मान हलवली. तिने पुडी अंगठ्याखाली धरली, हळूहळू पडद्यावरून नेली आणि सोडली. पोहोचली. तिने फोन पालथा ठेवला, हात धुतले आणि आठवड्यात पहिल्यांदाच पोटभर जेवायला बसली.