आत्याचं गाणं, दुसरीच्या आवाजात

मंडळी, आज सकाळी अमरावतीत माझ्या शेवंताआत्याला शेवटचा निरोप दिला. साठच्या दशकात ती स्वतः गाणी लिहायची, चाल लावायची आणि वऱ्हाडात गावोगावी भीमजयंतीला गायची. एका मराठी सिनेमातही तिचं गाणं होतं. त्याबद्दल ती कधीच बोलली नाही.

तिच्यामागे कोरस धरणाऱ्या लीलाबाई अकोल्याहून आल्या होत्या. मी विचारलं, "मावशी, आत्यानं सिनेमा कावून सोडला? असं काय झालं होतं?"

त्या म्हणाल्या, "मुंबईले गाणं तिच्याच आवाजात भरलं होतं बाप्पा. सिनेमा अकोल्याले लागला, तं आमचा अख्खा मोहल्ला पाह्याले गेला. गाणं सुरू झालं. शब्द तिचे, चाल तिची, अन् आवाज दुसऱ्याच बाईचा! तिले कोणी सांगतलंच नव्हतं. सारे तिच्याकडे पाहून राहिले होते."

"मग?"

"मंग काय! गाणं संपेपर्यंत गुमान बसली. बाहेर आल्यावर लोकाईले म्हणे, 'बाई चांगली गायली.' अन् घरी येऊन उपाशीच झोपली. पुन्हा मुंबईले गेली नाई, अन् ते गाणंही तिनं कधी म्हटलं नाई."

मग लीलाबाईंनी डोळे मिटून ते गाणं आत्या म्हणायची तसं म्हणायला घेतलं. दोनच ओळी झाल्या आणि त्यांना रडू आवरेना.

सिनेमातलं ते गाणं मी मोबाईलवर कितीदा तरी ऐकलंय. आत्याचा आवाज मात्र आमच्याकडे कुठंच नाही. वऱ्हाडात कोणाच्या घरी तिच्या एखाद्या कार्यक्रमाची जुनी टेप असेल का हो?