शेपटीकडून धरलेला शब्द

माझी ताई इस्पितळात टायपिस्ट आहे. डॉक्टर मशीनमध्ये बोलून ठेवतात, ही कानाला हेडफोन लावून ते टाइप करते. आणि बोलतात तरी कसे! तोंडात पाण्याची गुळणी धरल्यासारखे. म्हणून त्या खोलीत एक रीतच पडलीय, अवघड शब्द शेपटीकडून धरायचा. शेवटी ‘आयटिस’ आलं की सूज, ‘एक्टमी’ आलं की काहीतरी कापून काढलंय. मग डोक्याकडे सरकायचं. ‘गॅस्ट्रो’ म्हणजे पोट, ‘नेफ्रो’ म्हणजे मूत्रपिंड. जोडलं की झालं.

नात्यात कुणाचाही रिपोर्ट आला की आधी ताईकडे. शेंग सोलावी तसा ती शब्द सोलते. माझ्या सासूबाईंना ‘आर्थ्रायटिस’ लिहून आलं तेव्हा त्या निरवानिरवीच्या गोष्टी करायला लागल्या होत्या. ताई म्हणाली, “अहो, आर्थ्रो म्हणजे सांधा. सांधा सुजलाय, हे तर तुम्ही आम्हाला रोजच सांगता!”

मग भावोजींना, म्हणजे ताईच्या नवऱ्याला, धाप लागायला लागली. ते फर्निचरला पॉलिश करायचे. जिना चढले की कठड्याला धरून उभे, आणि तो कोरडा खोकला. घरात मात्र प्रत्येकाला कारण ठाऊक. त्यांची आई म्हणाली, पॉलिशचा वास. शेजारीण म्हणाली, मांजर. मी तर बोलूनचालून फटकळ, म्हटलं, “तरुणपणी ओढलेल्या सिगारेटी बाहेर पडतायत.” भावोजींनी सगळ्यांचं ऐकलं. हातचं चांगलं काम सोडलं. ताईचं लाडकं मांजर देऊन टाकलं. कारण गेलं की आजार जाईल, अशी त्यांची खात्री होती.

इस्पितळ लहान, टायपिस्ट दोघीच. सगळ्या तपासण्या झाल्यावर छातीच्या डॉक्टरांनी सांगितलेला रिपोर्ट ताईच्याच कानात आला, नवऱ्याच्या नावासकट. ‘इडिओपॅथिक पल्मनरी फायब्रोसिस.’ तिनं मागे नेऊन पुन्हा ऐकलं. मेले एरवी पुटपुटतात, नेमके त्या दिवशी स्वच्छ बोलले होते. “डॉक्टर बोलले ते तसंच उतरवायचं, एक अक्षर बदलता येत नाही गं आम्हाला,” ती मला फोनवर म्हणाली आणि ढसाढसा रडली. मी तशीच उठून तिच्या घरी गेले.

भावोजी कागद घेऊनच बसले होते. “सोल,” म्हणाले.

ताईनं शेपटीकडून धरलं. “फायब्रोसिस म्हणजे चिवट धागे वाढून घट्ट होणं. पल्मनरी, म्हणजे फुप्फुसात.”

“मऊ होईल परत?”

“नाही. औषधानं वाढ हळू होते, एवढंच.”

“आणि हा पहिला शब्द?”

ताई माझ्याकडे बघायला लागली. शेवटी म्हणाली, “इडिओ म्हणजे ज्याचं त्याचं. पॅथी म्हणजे आजार. आपला आपण आलेला.”

“म्हणजे कशानं?”

“ते कुणालाच माहीत नाही.”

“पॉलिशनं नाही?”

“तसं काही सापडलं नाही त्यांना.”

मला राहवेना. जिभेला हाड नाही माझ्या. म्हटलं, “बरंच झालं की भावोजी! म्हणजे तुमची काही चूक नाही.”

त्यांनी कागदाची घडी घातली, उघडली, पुन्हा घातली.

“चूक असती तर सोडली असती,” ते ताईला म्हणाले. “सांग ना, आता काय सोडू?”