संकलनात आईचं नाव

बाईंचा सिनेमा म्हणजे एकखांबी तंबू. कथा त्यांची, कॅमेरा त्यांचा, आवाजही त्याच टिपायच्या; नटी आली नाही तर पाठमोऱ्या उभ्याही त्याच राहायच्या. बावीस वर्षांत नऊ चित्रपट झाले, सगळे मागच्या खोलीत, कपड्यांच्या कपाटाला टेकवलेल्या टेबलावर जोडलेले.

पण श्रेयनामावलीत एकच नाव दहादा आलं की लोक फिदीफिदी हसतात, हे पहिल्याच खेळाला कळलं. मग त्यांनी घरच्यांना कामाला लावलं, निदान कागदावर. ध्वनी मावशीकडे गेला, प्रकाशयोजना भावोजींकडे, ज्यांना घरातला बल्ब बदलतानाही घाम फुटतो. संकलन आईकडे.

सगळं सुरळीत चाललं होतं. एके दिवशी सिनेमा शिकवणाऱ्या संस्थेचं पत्र आलं, तेही आईच्या नावाने: संकलनाबद्दल मुलांशी बोलायला या. त्याच संस्थेत बाई पुढच्या महिन्यापासून शिकवायला लागणार होत्या. खोटं उघडं पडलं तर नोकरी जाईलच, बावीस वर्षांची अब्रूही जाईल. बाईंच्या तोंडचं पाणी पळालं.

"तुझे गुडघे दुखतात, असं कळवून टाकते."

"गुडघे ठणठणीत आहेत माझे," आई म्हणाली. "आणि बोलावलंय मला."

बाईंनी उत्तरं लिहून दिली. आईने तो कागद घडी घालून चष्म्याच्या घरात ठेवला आणि चष्माच घरी विसरली.

वर्गात पहिलाच प्रश्न आला, "कुठे कापायचं, हे कसं ठरवता?" शेवटच्या बाकावर बाईंनी डोळे मिटून घेतले.

"मी कशाला ठरवू?" आई म्हणाली. "ही सिनेमा लावते, मी भाजी निवडत बघते. कंटाळा आला की उठते. मी उठले की ही कागदावर काहीतरी खरडते, आणि दुसऱ्या दिवशी तेवढा भाग गायब! हिला वाटतं, मला कळत नाही."

वर्ग हसला. बाईंचे कान तापले. ही गोष्ट त्यांनी आजवर कुणालाच सांगितली नव्हती, आईला तर मुळीच नाही. आईचं नाव खोटं नव्हतंच. ते आपण कधी कबूल केलं नाही, याची त्यांना लाज वाटली.

"मग तुम्ही कधीच चुकला नाहीत?" एका मुलीने विचारलं.

"एकदा चुकले ना. हिचे वडील सायकल पुसतात, तो भाग. ते गेले, त्याच्या आधीच्या महिन्यातला. चार मिनिटं नुसतं पुसणंच चाललंय. फार लांबलाय, सगळे म्हणतात, मलाही दिसतं. पण मी उठलेच नाही. मग ही बिचारी कापणार कुठे?"